जमिनीला बसवलेले काचेचे कौल

पुण्या-मुंबईच्या रोपवाटिकांमध्ये हॉवर्थियाची इवली रोपे आता सहज मिळतात. मात्र कुंडीत ऐटीत वर आलेले रोप पाहून या वनस्पतीची खरी ओळख होत नाही. ती हवी असेल तर तिचे माहेर पाहायला हवे. हॉवर्थिया रेट्युसा या प्रजातीचे माहेर आहे दक्षिण आफ्रिकेच्या वेस्टर्न केप प्रांतात, लांगेबर्ग पर्वत आणि समुद्र यांच्यामध्ये पसरलेल्या रिव्हर्सडेल परिसरात.

तिथल्या खडकाळ उतारावर ती उभ्याने दिसायची नाही, गुडघे टेकावे लागतात. पानांचा बराचसा भाग मातीत असतो. वर दिसतात ती फक्त त्यांची त्रिकोणी टोके, मागे वळून सपाट झालेली आणि फुलाच्या पाकळ्यांसारखी गोलाकार मांडलेली. पाऊस लांबला की पाने आक्रसतात, मुळे आखडून रोपाला खाली ओढतात आणि टोकांवरही धूळ बसते.

मग मातीतल्या पानांना ऊन मिळते कुठून? कोकणातल्या घरात अंधाऱ्या माजघरावर एखादे काचेचे कौल बसवतात, तशी सोय या पानांच्या टोकांवर आहे. सपाट भागात हरितद्रव्य अगदी कमी, त्यामुळे तो अर्धपारदर्शक असतो. तिथून आत आलेला प्रकाश पानाच्या पोटातल्या रंगहीन, पाण्याने भरलेल्या पेशींमधून विखरत खाली जातो आणि पानाच्या कडेने असलेल्या हिरव्या थराला आतून मिळतो. पाण्याची टाकी आणि उजेडाची वाट, दोन्ही कामे एकाच ऊतीने करावीत, हे मला या वनस्पतीतले सर्वांत सुंदर वाटते.

श्वासाचाही असाच हिशेब. पर्णरंध्रे रात्रीच्या गारव्यात उघडतात, कार्बन डायऑक्साइड आत घेऊन तो मॅलिक आम्लाच्या रूपात साठवला जातो. दिवसा दारे बंद ठेवून त्याच साठ्यावर प्रकाशसंश्लेषण चालते. पाणी वाचते.

लिनियसने 1753 मध्ये तिला कोरफडीच्या प्रजातींत बसवले होते. आजही दोघी एकाच कुळातल्या मानल्या जातात. 1809 मध्ये वनस्पतिशास्त्रज्ञ द्युवालने हॉवर्थिया हा स्वतंत्र वंश (genus) केला आणि त्याला इंग्रज अभ्यासक एड्रियन हॉवर्थ यांचे नाव दिले.

तिच्या परिसरातली मूळची झुडपी माळराने, म्हणजे रेनॉस्टरवेल्ड, सुपीक चिकणमातीवर वाढतात आणि हीच सुपीकता त्यांच्या मुळावर आली. सखल भागातला बहुतेक रेनॉस्टरवेल्ड नांगरून गव्हाखाली गेला. जिथे नांगर चालत नाही अशा दगडी, चढ्या तुकड्यांवर असली रोपे टिकून राहिली. पण आता संग्राहकांसाठी रोपे उपटणारे चोर तिथेही पोहोचतात. प्रत्येक टेकाडावरच्या रोपांची पाने, रंग, रेषा थोड्या निराळ्या असतात, म्हणून अमुक टेकाडावरचेच रोप हवे असा हौशी लोकांचा हट्ट असतो. एक टेकाड लुटले गेले की ते रूप निसर्गातून कायमचे जाऊ शकते. वास्तविक बियांपासून किंवा बाजूला फुटणाऱ्या पिल्लांपासून रोपवाटिकेत ही रोपे उत्तम तयार होतात. विकत घेताना रोप तिथेच वाढवले आहे का, एवढे विक्रेत्याला विचारायला हवे.