गालिचा धुतला, पण साबण कोण धुणार?

रविवारचा अख्खा दिवस घालवून हॉलमधलं कार्पेट शाम्पू केलंत. सोमवारी ऑफिसात सगळ्यांना सांगूनही झालं. आणि पंधराच दिवसांत सोफ्यापासून टीव्हीपर्यंतची पायवाट पुन्हा काळी! पायाला चिकट लागतंय, धागे ताठ झालेत. घरातले निष्कर्ष काढून मोकळे : कार्पेटच भिकार निघालं.

बिचाऱ्या कार्पेटचा बहुतेक वेळा काही दोष नसतो. दोष असतो तो तुम्ही घातलेल्या आणि नंतर न काढलेल्या शाम्पूचा. साबणाच्या रेणूचं एक टोक पाण्याला धरतं, दुसरं तेलकट मळाला. पाणी उडून जातं, हा पठ्ठ्या मात्र धाग्यात ठाण मांडतो आणि पायाखालची धूळ पकडून ठेवतो. घरात रांगणारं बाळ असेल तर गंमत संपली. त्याचे गुडघे, तळहात त्या थरावर आणि पाच मिनिटांनी तेच हात तोंडात.

नगरमध्ये हे दुखणं जरा जास्तच. (जिल्ह्याचं नाव 2024मध्ये अहिल्यानगर झालं, पण तोंडातलं 'नगर' इतक्यात जात नाही.) शहराला मुळा धरणाचं पाणी मिळतं, पण सावेडी-केडगावच्या कितीतरी सोसायट्यांमध्ये वापरायला असतं बोअरचं किंवा टँकरचं. काळ्या खडकातून झिरपलेल्या बोअरच्या पाण्यात बहुधा कॅल्शियम, मॅग्नेशियमचे क्षार भरपूर. शाळेत 'दुष्फेन पाणी' शिकलो होतो ना, तेच. पिण्याच्या पाण्यासाठी भारतीय मानकात कठीणपणाची मर्यादा लिटरला 200 मिलिग्रॅम आहे. दुसरा स्रोतच नसेल तर 600पर्यंत चालवून घेतात. आता हिशेब करा. 300 मिलिग्रॅमवालं 10 लिटर पाणी साधारण 18 ग्रॅम साबण नुसता खाऊन टाकतं आणि त्याचा पांढरट, चिकट साका करतं. बादलीच्या कडेला दिसतो तोच. फेस येत नाही म्हणून आपण आणखी साबण घालतो, म्हणजे साका आणखी वाढतो! शाम्पूमधल्या डिटर्जंटचा असा साका फारसा होत नाही, पण पाण्यातले क्षार वाळून धाग्यांवर बसतातच. आणि कपड्यांची पावडर वापरली असेल तर तिच्यातला सोडाही सोबतीला.

शंका असेल तर साधी टेस्ट करा. कार्पेटच्या कोपऱ्यात दोन चमचे कोमट पाणी टाका आणि पांढऱ्या फडक्यानं चोळा. बुडबुडे आले? मग साबण आतच आहे.

आता एकच नियम : आणखी साबण नाही. आधी व्हॅक्यूम करून कोरडी धूळ काढा, नाहीतर तिचाच चिखल होईल. मग 4 लिटर कोमट पाण्यात अर्धा कप पांढरं व्हिनेगर घाला. सोड्याचा अल्कली अंश ते मारतं आणि धागे मोकळे होतात. सोफ्याखालच्या न दिसणाऱ्या जागी आधी थोडं लावून बघा, रंग फडक्यावर उतरला तर तिथंच थांबा. ठीक असेल तर स्प्रे बाटलीनं फवारा. ओतू मात्र नका. दोन-तीन फुटांचा तुकडा घ्यायचा, फवारायचं आणि जाड पांढऱ्या टॉवेलनं दाबून टिपायचं. घासायचं नाही. शेवटचा हात साध्या पाण्याचा, आणि तो मात्र बोअरचा नको. नळाला पाणी येईल त्या दिवशी दोन बादल्या बाजूला ठेवा, नाहीतर पावसाचं धरा. टिपलेल्या पाण्यात फेस दिसेनासा होईपर्यंत हेच चालू ठेवायचं. कंटाळवाणं आहे, मान्य. भाड्यानं ओलं-कोरडं दोन्ही ओढणारा व्हॅक्यूम मिळाला तर तासांचं काम मिनिटांत होतं. टाकीत फक्त पाणी घाला, दुकानदार शाम्पूची बाटली हातात देईल ती परत करा.

एक गोष्ट मात्र गंमत म्हणूनही करू नका : व्हिनेगर आणि ब्लीच एकत्र. क्लोरीन वायू निघतो, बंद हॉलमध्ये तो छातीवर येतो.

गालिचा लोकरीचा असेल तर गरम पाणी आणि सोडा दोन्ही वर्ज्य. आपल्याकडच्या घोंगड्यांना आज्या रिठा वापरायच्या, त्यात शहाणपण होतं, कारण रिठ्याचा फेस जड पाण्यातही येतो आणि साका होत नाही. पण तोही खळबळून काढावाच लागतो, आणि फिक्या कार्पेटवर त्याचा पिवळट डाग पडू शकतो. रेशमी किंवा तागाचं अस्तर असलेल्या गालिच्याला हात लावू नका. ताग ओला राहिला की तपकिरी रंग वर येतो. ते काम धुणाऱ्यांचं. त्यांना फोनवर दोनच प्रश्न विचारा : शाम्पूनंतर साध्या पाण्यानं काढता का, आणि पाणी कुठलं? दुसऱ्या प्रश्नाला हसले तर दुसरा नंबर लावा.

धुऊन झालं की खिडक्या उघडा, पंखा पाचवर. उन्हाळ्यात नगरच्या कोरड्या हवेत संध्याकाळपर्यंत काम होतं. पावसाळ्यात 24 तासांत वाळलं नाही तर खालून कुबट वास येतो, म्हणून जुलै-ऑगस्टमध्ये हा घाट घालू नका. आणि पुढच्या वेळी बाटलीवर एक झाकण लिहिलं असेल तर एकच झाकण घाला.