विश्लेषण : भरितासोबतच्या कांद्याच्या चटणीची चव कशात? आणि ती किती वेळ ठेवावी?

थंडी पडू लागली, की जामनेरसह जळगाव जिल्ह्याच्या शेतशिवारात भरिताच्या पार्ट्या सुरू होतात. कपाशीच्या पऱ्हाटीवर किंवा तुराट्यांवर वांगी भाजली जातात, लाकडी बडगीत ठेचली जातात आणि कळण्याच्या भाकरीसोबत वाढली जातात. त्याच विस्तवात कांदेही भाजून त्यांची चटणी केली जाते. साहित्य मोजकेच असते, तरी एका घरची चटणी गोडसर आणि खमंग होते, तर दुसऱ्या घरची पाणचट किंवा कडवट. असे का होते? सकाळी केलेली चटणी रात्रीपर्यंत ठेवावी का? या प्रश्नांचा हा आढावा.

भरिताला कांद्याची जोड कशासाठी?

खान्देशातील भरिताचे वांगे आकाराने मोठे, पांढरट हिरवे आणि कमी बियांचे असते. यावल तालुक्यातील बामणोदची वांगी त्यासाठी प्रसिद्ध आहेत. ‘जळगाव भरीत वांगी’ला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकनही मिळाले. भाजल्यावर या वांग्याचा गर लोण्यासारखा मऊ होतो आणि त्याला धुराचा वास लागतो. मात्र त्याची स्वतःची चव सौम्य असते. मऊ आणि तेलकट पदार्थाला तिखट, आंबट किंवा करकरीत काहीतरी सोबत लागते. भरितात कांद्याची पात घालतात ती त्यामुळेच, आणि ताटात कांद्याची चटणी येते तीही त्यामुळेच.

ही जोडी सणवारातही दिसते. आषाढ शुद्ध नवमीला ‘कांदेनवमी’ साजरी झाली, की अनेक घरांत चातुर्मासात कांदा, लसूण आणि वांगे वर्ज्य असते. पुढे मार्गशीर्ष शुद्ध षष्ठीला, म्हणजे चंपाषष्ठीला, खंडोबाला भरीत, रोडगा आणि पातीच्या कांद्याचा नैवेद्य दाखवला जातो. भरिताचा हंगाम तेव्हा रंगात आलेला असतो.

कांदा चिरल्यावर नेमके काय घडते?

अख्ख्या कांद्याला फारसा वास नसतो. त्याच्या पेशींत गंधकयुक्त घटक एका कप्प्यात आणि त्यांचे विघटन करणारे विकर दुसऱ्या कप्प्यात असते. सुरी चालली किंवा बत्ता पडला, की पेशी फुटतात, दोन्ही एकत्र येतात आणि काही क्षणांत तिखट, झणझणीत संयुगे तयार होतात. डोळ्यांतून पाणी आणणारा वायूही याच साखळीत तयार होतो. तो तयार करणारे वेगळे विकर जपानी संशोधकांनी २००२ मध्ये शोधले. त्या संशोधनाला २०१३ मध्ये ‘इग नोबेल’ हा गमतीशीर. पण विज्ञानजगतात लोकप्रिय असलेला पुरस्कार मिळाला.

थोडक्यात, कांद्याचा तिखटपणा पेशी फुटल्यावर जन्माला येतो. जितक्या जास्त पेशी फुटतील तितका कांदा उग्र. बुक्कीने फोडलेला कांदा, उभा चिरलेला कांदा आणि मिक्सरमध्ये वाटलेला कांदा यांची चव वेगवेगळी लागते, त्याचे कारण हे आहे. कच्चा कांदा मिक्सरमध्ये बारीक वाटला, तर जवळपास सगळ्याच पेशी फुटतात. चटणी फेसाळ, पाणचट आणि थोड्याच वेळात कडवट होते.

भाजल्यावर तोच कांदा गोड कसा लागतो?

विकरे उष्णतेने निकामी होतात. सालीसकट अख्खा कांदा निखाऱ्यात टाकला, की पेशी फुटण्याआधीच आतील विकराचे काम थांबते. नंतर कांदा कितीही ठेचला, तरी पूर्वीचा झणका येत नाही. कांद्यात साखर आधीपासूनच असते; झणका गेल्यावर ती जिभेला जाणवू लागते. शिवाय बाहेरच्या पाकळ्यांतील पाणी उडून तापमान १४० अंश सेल्सिअसच्या आसपास गेले, की साखर आणि प्रथिनांचे घटक यांची प्रक्रिया होऊन तपकिरी रंग आणि खमंग वास येतो. भाकरीच्या पापुद्र्यावरचे डाग आणि भाजलेल्या शेंगदाण्यांचा वास यांमागे हीच प्रक्रिया असते.

इथे क्रम महत्त्वाचा ठरतो. कांदा आधी चिरून मग भाजला, तर चिरतानाच काही तिखट संयुगे तयार झालेली असतात. आधी भाजून मग ठेचला, तर चव गोडसर राहते. ज्वाळेवर घाईने भाजलेल्या कांद्याची साल करपते. पण गाभा कच्चा राहतो आणि ठेचल्यावर तोच उग्र होतो. म्हणून वांगी ज्वाळेवर भाजून झाली, की कांदे उरलेल्या निखाऱ्यांत सरकवण्याची पद्धत योग्य आहे.

चटणी करण्याची पद्धत कोणती?

चार-पाच जणांसाठी मध्यम आकाराचे चार कांदे, सहा ते आठ हिरव्या मिरच्या, दहा-बारा लसूण पाकळ्या, अर्धी वाटी भाजलेले शेंगदाणे, मूठभर कोथिंबीर, मीठ, अर्धे लिंबू आणि दोन मोठे चमचे शेंगदाणा तेल पुरेसे होते.

कांद्यांची माती धुऊन ते कोरडे करावेत. कोरडी साल राहू द्यावी. ती कांद्याला करपण्यापासून वाचवते. मंद निखाऱ्यांत फिरवत २० ते ३० मिनिटे भाजावेत. सुरी किंवा काडी गाभ्यापर्यंत अलगद गेली, की कांदा शिजला. मिरच्या आणि सोललेला लसूण तव्यावर तेलाच्या थेंबावर भाजून घ्यावेत. कांदे थोडे निवल्यावर काळी साल काढावी. मात्र पाण्याखाली धुऊ नयेत, धुराची चव वाहून जाते. मग जाड फोडी करून पाच मिनिटे चाळणीत निथळत ठेवाव्यात.

बडगीत किंवा खलबत्त्यात आधी मिरच्या, लसूण आणि मीठ ठेचावे. मीठ खरखरीत असल्याने मिरची लवकर बारीक होते. त्यानंतर शेंगदाणे जाडसर कुटावेत आणि कांदा सगळ्यात शेवटी घालून चार-पाच ठोकेच द्यावेत. पाकळ्या ओळखू यायला हव्यात. वरून कोथिंबीर, लिंबू आणि कडकडीत तापवलेले तेल घालावे. शेंगदाणे केवळ चवीपुरते नसतात. कांद्यातून सुटणारे पाणी ते शोषून घेतात.

कच्च्या कांद्याची चटणी वेगळी कशी?

विस्तव नसेल, तर कांदा बारीक चिरून त्यात लाल तिखट, मीठ, दाण्याचे कूट आणि वरून गरम तेल अशी चटणीही घरोघरी होते. इथे झणका हवाच असतो. फक्त तो आवरायचा असतो. चिरलेला कांदा थंड पाण्यात पाच-दहा मिनिटे ठेवून निथळला, तर पृष्ठभागावरची तिखट संयुगे धुतली जातात. मीठ मात्र वाढायच्या वेळीच घालावे. मिठामुळे पेशींतील पाणी बाहेर येते आणि अर्ध्या तासात चटणीचे सार होते. लिंबू पिळल्यावर लाल कांदा अधिक गुलाबी दिसतो, कारण त्यातील रंगद्रव्य आम्लात उजळते.

भाजलेल्या पदार्थासोबत कांदा, ही पद्धत केवळ खान्देशची नाही. तंदुरी पदार्थांसोबत लिंबू पिळलेला लच्छा कांदा येतो, तुर्कस्तानात कबाबसोबत सुमाक नावाची आंबट भुकटी चोळलेला कांदा वाढतात, तर मेक्सिकोत मंद भाजलेल्या मांसासोबत आंबट रसात मुरवलेला लाल कांदा असतो. सर्वत्र सूत्र तेच आहे : स्निग्ध आणि धुरकट घासाला आंबट-तिखट उतारा.

कांदा कोणता घ्यावा?

ताज्या कांद्यात साधारण ८५ ते ९० टक्के पाणी असते आणि जातीनुसार व हंगामानुसार हे प्रमाण बदलते. भरिताच्या दिवसांत बाजारात नवा लाल कांदा येतो. तो रसदार असतो आणि फार टिकत नाही. त्याची भाजून चटणी केली, तर निथळण्यासाठी जास्त वेळ द्यावा लागतो. चाळीत साठवलेला उन्हाळ कांदा अधिक घट्ट असतो, सालही जाड असते. निखाऱ्यात भाजायला तो सोयीचा. पांढऱ्या कांद्याच्या काही जातींत घन पदार्थांचे प्रमाण जास्त असते. जळगावच्या निर्जलीकरण उद्योगात पांढरा कांदा वापरला जातो, तो याच गुणामुळे. कोंब आलेला कांदा चालतो. पण मऊ पडलेला किंवा आत काळी बुरशी धरलेला कांदा भाजूनही वापरू नये.

चटणीत धोका कुठे असतो?

भाजलेला कांदा, त्यावर तेलाचा थर आणि कोमट जागा ही स्थिती काही जीवाणूंना पोषक असते. त्यांतील सर्वांत गंभीर म्हणजे ‘क्लोस्ट्रिडियम बोट्युलिनम’. त्याचे बीजाणू मातीत असतात, त्यामुळे जमिनीत वाढणाऱ्या कांदा-लसणावर ते येऊ शकतात. साध्या भाजण्या-उकळण्याने ते मरतातच असे नाही. पुढे हवा न लागणारी, आम्ल कमी असलेली आणि उबदार जागा मिळाली, की ते वाढून विष तयार करतात. तेलाचा थर हवा रोखतो आणि कांदा मुळात फार आंबट नसतो.

ही शक्यता केवळ पुस्तकी नाही. ऑक्टोबर १९८३ मध्ये अमेरिकेतील इलिनॉय राज्यातील पिओरिया शहरात एका उपाहारगृहातील सँडविच खाल्ल्यानंतर २८ जणांना बोट्युलिझम झाला. तपासात कारण निघाले ते सँडविचमधील परतलेला कांदा. तो रोज ताजाच केला जात असे. मात्र वितळलेल्या मार्गारिनमध्ये बुडालेल्या अवस्थेत तो कोमट शेगडीवर तासन् तास राही आणि वाढताना पुन्हा गरम केला जात नसे.

असे प्रकार दुर्मीळ आहेत. पण अन्न खराब झाल्याचे वास किंवा चवीवरून दर वेळी कळत नाही, हा त्यातील धडा आहे. खाल्ल्यानंतर काही तासांनी किंवा एक-दोन दिवसांत दृष्टी दुहेरी होणे, पापण्या जड होणे, बोलताना जीभ अडखळणे किंवा गिळायला त्रास होणे अशी लक्षणे दिसली, तर घरगुती उपाय न करता तातडीने रुग्णालय गाठावे.

मग चटणी किती वेळ ठेवावी?

नियम सोपा आहे. कोमट अन्न लवकर बिघडते. पाच ते साठ अंश सेल्सिअसदरम्यान जीवाणू वाढतात. केलेली चटणी बाहेर दोन तासांपेक्षा जास्त ठेवू नये. उरली तर उथळ डब्यात लगेच फ्रिजमध्ये ठेवून दोन दिवसांत संपवावी. ‘वर तेल आहे, टिकेल’ हा समज चुकीचा आहे. लिंबाने चव येते आणि आम्लता वाढते. पण घरी ती मोजता येत नसल्याने अर्ध्या लिंबाच्या भरवशावर चटणी दिवसभर बाहेर ठेवू नये.

शेतातल्या पार्टीसाठी किंवा मोठ्या पंगतीसाठी वेगळी युक्ती करता येते. मिरची, लसूण, मीठ आणि दाण्याचे कोरडे वाटण तेल न घालता घरून करून न्यावे आणि फ्रिज नसेल, तर तेही त्याच दिवशीचे असावे. कांदा मात्र वांग्यांसोबत तिथेच भाजावा आणि पंगत बसताना ठेचून मिसळावा. एका बडगीत मावेल एवढीच चटणी एका वेळी करावी. दुसरी पंगत बसली, की दुसरा घाणा ठेचावा. यात चटणी पाणचट होत नाही, कडवट होत नाही आणि तासन् तास उघड्यावर पडूनही राहत नाही.