आयर्विनला किती?

पावसाळ्यात सांगलीतला फोन बऱ्याचदा असा सुरू होतो.

‘आयर्विनला किती?’

‘एक्केचाळीस.’

‘चढतंय का उतरतंय?’

‘चढतंय, पण सावकाश.’

एवढ्यावर पलीकडचा माणूस ठरवतो : गाडी उंचावर लावायची, गव्हाची पोती माळ्यावर टाकायची, की आणखी एक रात्र बघायचं. 1929 सालच्या आयर्विन पुलाजवळ कृष्णेची पातळी 40 फुटांवर गेली की इशारा, 45 फुटांवर गेली की धोका. हे झाले सरकारी आकडे. घराघराचा आकडा मात्र निराळा. कर्नाळ रस्त्यावरच्याचा लवकर येतो, गावभागातल्याचा उशिरा, आणि विश्रामबागेतला माणूस पाहुण्यांसाठी अंथरुणं काढतो. हा नकाशा कुणी शाळेत शिकलेला नसतो. तो पायांनी, नजरेनं आणि एकदा घरात शिरलेल्या पाण्यानं मनात काढलेला असतो.

अशा नकाशाला शास्त्रात नाव मिळालं ते उंदरांमुळे. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ एडवर्ड टोलमन यांनी 1948 साली मांडलं की, भूलभुलैयात फिरणारा उंदीर नुसती वळणं घोकत नाही, त्याच्या डोक्यात जागेचा नकाशा तयार होतो. त्यांनी या नकाशांचे दोन प्रकार सांगितले : पट्टीसारखा अरुंद आणि आजूबाजूचं सगळं सामावणारा रुंद. परिस्थिती बदलली की अरुंद नकाशा दगा देतो.

पुढे ही कल्पना शास्त्राशास्त्रांतून फिरली. नगररचनाकार केव्हिन लिंच यांनी 1960 च्या ग्रंथात बोस्टनसह तीन अमेरिकन शहरांतल्या रहिवाशांच्या मनातलं शहर तपासलं. मार्ग, कडा, विभाग, चौक आणि खुणा या पाच गोष्टींनी ते बनतं, असं त्यांना दिसलं. मज्जाशास्त्रज्ञ जॉन ओकीफ यांना 1971 मध्ये उंदराच्या मेंदूत विशिष्ट जागी आल्यावरच चेतणाऱ्या पेशी सापडल्या. मे-ब्रिट आणि एडवर्ड मोझर यांच्या गटानं 2005 मध्ये त्याच मेंदूतली जाळीदार मोजपट्टी दाखवली. 2014 चं नोबेल या तिघांना मिळालं.

त्याच 2005 साली सांगली घराघरातला चिखल उपसत होती. पाणी 53 फुटांच्या पुढे गेलं होतं. ते ओसरल्यावर भिंतींवर मातकट रेघ राहिली. कुणी तिच्यावर रंग ओढून साल लिहिलं. लिंच यांच्या भाषेत ती शहराची कड झाली. पण बोस्टनची कड जागची हलत नाही, सांगलीची चालत येते. चौदा वर्षं ती रेघ म्हणजेच महापुराची हद्द, असं मनानं धरलं. ‘पाचला इथवर आलं होतं, त्याच्या वर कसलं येतंय?’ ऑगस्ट 2019 मध्ये पाणी 57 फुटांच्या पुढे गेलं. जुन्या रेघेच्या वर वीतभर जागा सोडून रचलेला माल भिजला.

याला अडाणीपणा म्हणणं अन्याय होईल. भूगोलज्ञ रॉबर्ट केट्स यांनी 1962 मध्ये अमेरिकेतल्या पूरप्रवण वस्त्यांचा अभ्यास करून हेच नोंदवलं : माणूस आपल्या अनुभवाचा कैदी असतो, पाहिलेल्या पुराहून मोठा पूर त्याला कल्पिता येत नाही. ती रेघ खरी होती, नकाशा मात्र अरुंद होता.

रुंद नकाशासाठी नदीच्या उलट्या दिशेनं सातारा जिल्ह्यात जावं लागतं. महाबळेश्वरी उगम पावलेली कृष्णा आणि कोयना कराडच्या प्रीतिसंगमावर जवळजवळ समोरासमोर भेटतात आणि एकत्र होऊन पूर्वेकडे वळतात. पाटण तालुक्यातलं कोयना धरण सुमारे 105 टीएमसीचं (म्हणजे अब्ज घनफुटांचं). कराड-पाटणकडे पावसाचं बोलणं टीएमसी आणि दरवाज्यांच्या फुटांत चालतं, सांगलीत पुलाच्या फुटांत. नदी एकच, पण नकाशे दोन. शिवाय सांगलीजवळ वारणा नदी येऊन मिळते, ती वेगळीच. आणि जुलै 2021 मध्ये पाटणच्या डोंगरवस्त्यांवर दरडी कोसळल्या. तिथं धोका नदीकडून नव्हे, पाठीमागून आला.

2021 ला सांगलीत पाणी पुन्हा 54 च्या पुढे गेलं. आता भिंतींवर एकावर एक रेघा आहेत. त्यातली सगळ्यात वरची रेघ हीच उद्याची नवी हद्द ठरू शकते. फोनवरचं संभाषण मात्र लांबलंय.

‘आयर्विनला किती?’

‘बेचाळीस.’

‘आणि कोयनेतून किती सोडलंय? वारणेचं काय? खालनं पाणी तुंबून फूग आहे का?’

अरुंद पट्टीला हळूहळू रुंदी येते आहे.