श्रावणातली अंडी घाला खारात!

श्रावण लागला की मुळशीच्या वाड्यावस्त्यांवर दरवर्षीची अडचण उभी राहते. घरात कुणी अंड्याला हात लावत नाही, पण कोंबड्यांना कुठला आलाय श्रावण? त्या आपल्या घालतातच. पौडला विकायला न्यावीत तर गिऱ्हाईक पडेल भावात मागतं. मैत्रिणींनो, अंड्यांचा पैसा म्हणजे बाईच्या हक्काचा पैसा. भिशीचा हप्ता, मुलीच्या वह्या त्यातूनच निघतात. तो बुडावा कसा?

यावर एक उपाय आहे, अंडी मिठाच्या पाण्यात मुरवायची. मी हे सुचवलं तेव्हा सासूबाई हसल्या. "अगं, खारात कैरी घालतात, अंडं कुणी घालतं का?" घालतात की! चीन आणि फिलिपिन्समध्ये बदकाची अंडी अशीच खारवतात.

कृती सोपी आहे. ताजी, तडा न गेलेली दहा-बारा कच्ची अंडी घ्या. साध्या पाण्यात तळाला आडवं बसेल ते ताजं, तरंगेल ते बाजूला काढा. अंडी स्वच्छ पुसून घ्या. एक लिटर पाण्यात पाव किलो मीठ घालून उकळा आणि पूर्ण गार करा. काचेची किंवा चिनी मातीची कोरडी बरणी घ्या, धातूचं भांडं नको. अंडी अलगद ठेवून वरून खार ओता. खारात ताजं अंडंही तरंगतं, म्हणून वर छोटी काचेची वाटी ठेवून ती बुडलेली ठेवा. झाकण लावून घरातल्या सर्वात थंड कोपऱ्यात ठेवा.

तीन ते चार आठवडे लागतात. नारळी पौर्णिमेला बरणी भरली तर अनंत चतुर्दशीला चार आठवडे होतात. मीठ कवचातून आत शिरतं, बलकातलं पाणी ओढून घेतं, त्यामुळे बलक घट्ट, केशरी आणि तेलकट होतो. तिसऱ्या आठवड्यात एक उकडून चव बघा. हवी तशी झाली की सगळी खारातून काढून फ्रिजमध्ये ठेवा. खाताना चांगली दहा-बारा मिनिटं उकडा. कच्ची खाऊ नका. फोडल्यावर वास आला तर सरळ फेकून द्या.

एक मात्र ध्यानात ठेवा. उकडून सोललेली अंडी बरणीत भरून बाहेर ठेवू नका. १९९७ साली अमेरिकेतल्या इलिनॉय राज्यात एका माणसाने घरी अंड्यांचं लोणचं घातलं. अंडी टोचून भरली आणि बरणी फ्रिजबाहेर ठेवली. त्यातून त्याला बोटुलिझम ही जीवघेणी विषबाधा झाली. सोललेली अंडी घालायचीच असतील तर व्हिनेगरमध्ये, न टोचता आणि फ्रिजमध्येच.

खारं अंडं भाकरीबरोबर किंवा गरम वरणभाताबरोबर अर्धं पुरतं. रक्तदाब असलेल्यांनी जपूनच. दिवसाला सगळं मिळून पाच ग्रॅमपेक्षा कमी मीठ खावं, असं जागतिक आरोग्य संघटना सांगते.

आता पैशाचं. खाऱ्या अंड्यांना आपल्याकडे गिऱ्हाईक नाही, हे खरं. पण गणपती उठले की भाव वर येतो. तेव्हा घरच्यांच्या ताटात बरणीतली अंडी वाढायची आणि ताजी सगळी विकायला काढायची. श्रावणात पडेल भावात जाणारी अंडी अशी घरातच कामी येतात.

सासूबाईंनी यंदा दोन बरण्या भरायला सांगितल्या आहेत.