डब्यात राहिलेली आफ्रिका

१९०९मध्ये चेरी कीअर्टन हा इंग्रज छायाचित्रकार पूर्व आफ्रिकेत कॅमेरा घेऊन हिंडत होता. अमेरिकेचे माजी अध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांची सफर त्याने टिपली. पण ती फिल्म पडद्यावर येण्याआधीच शिकागोच्या सेलिग कंपनीने स्टुडिओत रूझवेल्टसारखा नट उभा केला, विकत आणलेला सिंह मारला आणि गल्ला भरला. खऱ्याखोट्याची सरमिसळ अशी पहिल्या दिवसांपासूनची. म्हणून जुनं रीळ हाती आलं की आधी विचारायचं : कुणी, कुठे, कधी टिपलं?

पुढे जॉन्सन या चित्रपटकार दांपत्याने विमानातून प्राण्यांचे कळप टिपले. ग्झिमेक या प्राणितज्ज्ञ पितापुत्रांच्या सेरेंगेटीवरच्या माहितीपटाला ऑस्कर मिळालं, पण मुलगा मिखाएल जानेवारी १९५९मध्येच विमान अपघातात गेला होता.

टांझानियातल्या गोंबेची गोष्ट मात्र सविस्तर सांगायला हवी. १९६२मध्ये नॅशनल जिऑग्राफिकने छायाचित्रकार ह्यूगो व्हान लाविकला चिंपांझींच्या अभ्यासक जेन गुडाल यांच्या तिथल्या तळावर पाठवलं. वारुळात काडी खुपसून वाळवी ओढून खाणारे चिंपांझी त्याने १६ मिमी फिल्मवर टिपले. त्यातलं थोडं १९६५मध्ये दूरचित्रवाणीवर दिसलं, बाकीचं गोदामात पडून राहिलं. २०१४मध्ये ते सापडलं तेव्हा शंभराहून अधिक तासांचं चित्रण होतं. आवाज नाही, क्रमाचाही पत्ता नाही. ते लावता लावता दिग्दर्शक ब्रेट मॉर्गेनच्या चमूची दमछाक झाली. २०१७चा ‘जेन’ त्यातून उभा राहिला. चित्रपट देखणा आहे. पण त्यातले जंगलाचे आवाज मागाहून चढवलेले आहेत, हे अभ्यासकाने विसरू नये.

सगळ्याच रिळांचं नशीब असं नसतं. दमट उष्म्यात अॅसिटेटची फीत सडते. डबा उघडला की व्हिनेगरचा भपकारा येतो, फीत आक्रसून वेडीवाकडी झालेली असते. थंड, कोरड्या खोलीत सडण्याचा वेग मंदावतो, एवढंच. तिकडे प्राणीही थांबत नाहीत. १९७०च्या सुमारास काळे गेंडे ६५ हजारांच्या आसपास होते, नव्वदीच्या मध्यात अडीच हजारही उरले नाहीत. उत्तरेकडच्या पांढऱ्या गेंड्यांतला शेवटचा नर, सुदान, १९ मार्च २०१८ रोजी केनियात गेला. त्याचे भाईबंद मोकळ्या रानात कसे वावरत, हे यापुढे जुन्या फितींतच पाहायचं.

एक वेळ जपणं जमतं, वाटणं जमत नाही. वाइल्डस्क्रीन या ब्रिटिश संस्थेने २००३मध्ये ‘आर्काइव्ह’ हा वन्यजीव-चित्रणांचा खजिना सगळ्यांना फुकट पाहायला खुला केला आणि फेब्रुवारी २०१९मध्ये पैशांअभावी बंद केला. चित्रणं सुरक्षित आहेत, पण कुलुपात. ज्यांच्या रानात ती झाली, त्या टांझानिया-केनियातल्या शाळा-विद्यापीठांना तरी त्यांच्या प्रती तारीख-ठिकाणाच्या नोंदींसह विनाशुल्क मिळायला हव्यात. परवान्याचे पैसे जाहिरातवाल्यांकडून खुशाल घ्यावेत.