नाशिकचा विदित आणि बुद्धिबळातील दोन मोजपट्ट्या

कळवण, देवळा, सटाणा या गिरणा खोऱ्यातील गावांना बुद्धिबळाचा पट नवा नाही. परंतु या खेळातली कारकीर्द कशी घडते, ग्रँडमास्टर कोणाला म्हणतात आणि एखाद्याचे मानांकन घसरले म्हणजे नेमके काय घडले, हे सर्वसाधारण वाचकाला क्वचितच कोणी समजावून सांगते. वृत्तपत्रांत पदक छापले जाते, निकाल छापला जातो, पण त्यामागचा हिशेब बाहेरच राहतो. तो हिशेब उलगडण्यासाठी जिल्ह्याबाहेर जाण्याचे कारण नाही, कारण नाशिक शहरात वाढलेल्या विदित गुजराथी याच्या कारकिर्दीत या खेळाच्या जवळजवळ सर्व पायऱ्या एकामागून एक दिसतात, आणि त्याचबरोबर त्या पायऱ्या सरळ वर जात नाहीत हेही दिसते.

बुद्धिबळपटूची उंची दोन पट्ट्यांनी मोजली जाते. पहिली पट्टी किताबाची. 1924 साली पॅरिसमध्ये स्थापन झालेली ‘फिडे’ ही जागतिक संघटना इंटरनॅशनल मास्टर, ग्रँडमास्टर असे किताब देते. 1950 साली पहिल्यांदा अधिकृतपणे ग्रँडमास्टर ठरवले गेले तेव्हा त्या यादीत अवघे 27 खेळाडू होते. आज हा किताब मिळवायचा तर साधारणपणे 2500 मानांकन गाठावे लागते आणि तीन ‘नॉर्म’ पूर्ण करावे लागतात. नॉर्म म्हणजे एखाद्या स्पर्धेत, किताबधारक आणि निरनिराळ्या देशांच्या प्रतिस्पर्ध्यांपुढे, 2600 मानांकनाच्या खेळाडूला शोभेल अशी केलेली कामगिरी. एकदा मिळालेला किताब खराब खेळामुळे जात नाही, तो आयुष्यभर नावापुढे राहतो.

दुसरी पट्टी मानांकनाची, आणि तिला अशी दयामाया नाही. आर्पाड एलो या अभ्यासकाने बसवलेली ही पद्धत फिडेने 1970 साली स्वीकारली. दोन खेळाडूंच्या मानांकनांतील फरकावरून त्यांच्या डावात कोणाकडून किती गुणांची अपेक्षा धरायची हे ठरते आणि प्रत्यक्ष निकाल त्या अपेक्षेशी ताडून पाहिला जातो. समजा 2700 मानांकनाचा खेळाडू 2500 मानांकनाच्या खेळाडूसमोर बसला, तर त्याच्याकडून एका डावात सुमारे 0.76 गुणाची अपेक्षा असते. तो जिंकला तर त्याच्या मानांकनात 2.4 अंकांची भर पडते, बरोबरी झाली तर 2.6 अंक वजा होतात आणि हरला तर तब्बल 7.6 अंक जातात. म्हणजेच वरच्या खेळाडूला खालच्याशी केलेली सन्मानाची बरोबरीही तोट्याची पडते. खुल्या स्पर्धांत मोठी नावे उतरायला का कचरतात, आणि उतरल्यावर बरोबरीच्या पटावरही तासन् तास जिद्दीने का बसून राहतात, याचे उत्तर या साध्या वजाबाकीत आहे.

विदितचा जन्म 1994 सालचा. 2008 साली व्हिएतनाममध्ये झालेल्या जागतिक युवा स्पर्धेत त्याने चौदा वर्षांखालील गटाचे विजेतेपद मिळवले आणि 2013 च्या आरंभी, वयाच्या अठराव्या वर्षी, तो ग्रँडमास्टर झाला. बाराव्या-तेराव्या वर्षी हा किताब मिळवणारी मुले आज देशात असल्याने अठरावे वर्ष काहींना उशिराचे वाटेल. पण त्याची पिढी विश्वनाथन आनंदनंतरची आणि गुकेशच्या आधीची. देशाच्या पहिल्या विश्वविजेत्याचे, आनंदचे, कौतुक ओसरलेले नव्हते आणि पुढची मुले वेगाने वर येत होती, अशा काळात या पिढीला स्वतःची जागा मिळवावी लागली. आनंद, शशिकिरण आणि हरिकृष्ण यांच्यानंतर 2700 चा टप्पा ओलांडणारा तो चौथा भारतीय ठरला, ते वर्ष 2017. जगात या टप्प्याच्या वर एका वेळी काही डझनच खेळाडू असतात, हे ध्यानात घेतले म्हणजे त्या आकड्याचे वजन कळते. 2018 साली नेदरलँड्समधील वाइक आन झे येथील टाटा स्टील स्पर्धेचा चॅलेंजर्स गट त्याने जिंकला, 2019 साली स्वित्झर्लंडमधील बील स्पर्धाही जिंकली.

तथापि त्याच्या कारकिर्दीचा खरा कस लागला तो 2023 च्या उत्तरार्धात. विश्वविजेत्याला आव्हान देणारा खेळाडू ‘कँडिडेट्स’ या आठ जणांच्या स्पर्धेतून निवडला जातो आणि त्या आठ जागांपर्यंत पोहोचणे हेच बहुतेक ग्रँडमास्टरांसाठी आयुष्यभराचे स्वप्न असते. त्या वर्षी ऑगस्टमध्ये बाकूच्या विश्वचषकात विदितने इयान नेपोम्नियाची याच्यासारख्या, दोनदा विश्वविजेतेपदाची लढत खेळलेल्या खेळाडूला टायब्रेकरमध्ये बाहेर काढले, पण उपांत्यपूर्व फेरीत अझरबैजानच्या निजात अबासोव्हकडून तो हरला आणि दार बंद झाले. बंद झालेले तेच दार अबासोव्हला मात्र उघडले, कारण उपांत्य फेरी गाठलेल्या मॅग्नस कार्लसनने आपली जागा नाकारली आणि चौथा आलेला अबासोव्ह कँडिडेट्समध्ये गेला.

दुसरी वाट होती आइल ऑफ मॅन बेटावरील ‘ग्रँड स्विस’ स्पर्धेची. स्विस पद्धतीत कोणी बाद होत नाही. प्रत्येक फेरीनंतर समान किंवा जवळपास समान गुण असलेल्या खेळाडूंची गाठ घातली जाते, त्यामुळे जिंकणाऱ्याला उत्तरोत्तर कठीण प्रतिस्पर्धी मिळत जातो. शंभराहून अधिक खेळाडूंमधून अकरा फेऱ्यांनंतर फक्त पहिल्या दोघांना कँडिडेट्सची जागा होती. विदित पहिल्याच फेरीत नेदरलँड्सच्या एर्विन लामीकडून हरला. एवढ्या थोड्या फेऱ्यांच्या स्पर्धेत सुरुवातीचा पराभव बहुधा स्पर्धेचा शेवटच ठरतो. पण पुढच्या दहा फेऱ्यांत विदितने साडेआठ गुण मिळवले, अखेरच्या फेरीत अलेक्सांद्र प्रेदकेला हरवले आणि अमेरिकेच्या हिकारू नाकामुराला अर्ध्या गुणाने मागे टाकून स्पर्धा जिंकली. एकही पराभव न होता मिळालेल्या अनेक विजेतेपदांपेक्षा हे दहा डाव अधिक मोलाचे मानले पाहिजेत, कारण मानांकनाच्या कोष्टकात न दिसणारी गोष्ट, पराभवानंतर सावरण्याची जिद्द, त्यांत दिसते.

एप्रिल 2024 मध्ये टोरांटोत कँडिडेट्स झाली तेव्हा आठ जणांत तीन भारतीय होते: गुकेश, प्रज्ञानंद आणि विदित. दुसऱ्याच फेरीत विदितसमोर नाकामुरा होता, तोही पांढरी मोहरी घेऊन. स्पॅनिश सुरुवातीतील बर्लिन बचावाच्या त्या डावात अकराव्या खेळीला विदितने आपला उंट थेट पांढऱ्या राजाच्या तटबंदीवर टाकून एच स्तंभातले प्यादे मारले. प्याद्याच्या बदल्यात उंट देणे हा कागदावर तोट्याचाच व्यवहार; पण राजापुढची प्यादी फुटली की काळ्या वजिराला आत शिरायला वाट मिळते आणि बचाव करणाऱ्याला प्रत्येक खेळीगणिक नेमके उत्तर शोधावे लागते. तयारीनिशी केलेल्या या बळीने डाव फिरला आणि नाकामुराची 47 डावांची अपराजित मालिका संपली. नवव्या फेरीत पांढऱ्या मोहऱ्यांनी विदितने त्याला पुन्हा हरवले. नाकामुरा विजेत्यापेक्षा केवळ अर्धा गुण मागे राहिला, हे पाहता या दोन डावांनी स्पर्धेच्या निकालाला किती कलाटणी दिली याचा अंदाज येतो. स्वतः विदितला मात्र चौदा डावांत सहा गुणांवर समाधान मानावे लागले आणि तो सहावा आला. गुकेश जिंकला, आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरमध्ये विश्वविजेता झाला.

महाराष्ट्राला हे यश अचानक मिळालेले नाही. 1974 पासून सुमारे दहा वर्षे महिलांचे राष्ट्रीय विजेतेपद मुंबईच्या वासंती, जयश्री आणि रोहिणी या खाडिलकर भगिनींच्या घरातच राहिले आणि रोहिणी 1981 साली आशियाई विजेत्या झाल्या. सांगलीचे नाव भाग्यश्री साठे-ठिपसे यांनी पुढे नेले. प्रवीण ठिपसे हे देशाचे तिसरे, तर पुण्याचे अभिजित कुंटे हे चौथे ग्रँडमास्टर. सप्टेंबर 2024 मध्ये बुडापेस्टच्या ऑलिंपियाडमध्ये भारताच्या खुल्या आणि महिला अशा दोन्ही संघांनी सुवर्णपदक जिंकले तेव्हा खुल्या संघात विदित होता, महिला संघाचे कर्णधार कुंटे होते आणि त्याच संघात नागपूरची दिव्या देशमुख खेळत होती. विदित आणि दिव्या यापूर्वी 2020 च्या ऑनलाइन ऑलिंपियाडमध्ये एकत्र होते, विदित कर्णधार म्हणून. रशियाविरुद्धच्या अंतिम लढतीत इंटरनेट खंडित होऊन भारताचे निहाल सरिन आणि दिव्या वेळ संपल्याने आपापले डाव हरले आणि अखेर दोन्ही देशांना सुवर्णपदक देण्यात आले. त्याच दिव्याने जुलै 2025 मध्ये बातुमी येथे कोनेरू हम्पीला हरवून महिला विश्वचषक जिंकला आणि ती देशाची 88 वी ग्रँडमास्टर झाली. 1988 साली आनंद पहिला झाला होता. म्हणजे एकापासून अठ्ठ्याऐंशीपर्यंतचे अंतर सदतीस वर्षांत कापले गेले.

या साऱ्या उंचीची पहिली पायरी मात्र अगदी बुटकी आहे. मानांकन मिळण्यासाठी नवख्या खेळाडूला आधीच मानांकन असलेल्या प्रतिस्पर्ध्यांशी किमान पाच डाव खेळावे लागतात आणि यादीत नाव येण्यासाठी किमान 1400 ची कामगिरी दाखवावी लागते. मार्च 2024 पूर्वी ही तळरेषा 1000 होती. गावातल्या गावात कितीही चांगले खेळले तरी समोरच्याला मानांकन नसेल तर तो डाव हिशेबात धरला जात नाही, आणि मानांकन स्पर्धा बहुतांशी शहरांतच होतात. म्हणून सप्तशृंगी गडाच्या पायथ्याच्या एखाद्या मुलीला ते पाच डाव खेळायचे तर पालकांना दोन-तीन सुट्टीचे दिवस, पहाटेची एसटी, प्रवेश शुल्क आणि नाशिकमध्ये मुक्कामाची सोय, एवढे आधी जमवावे लागते. तीच स्पर्धा नोंदणीकृत पंचांसह कळवणला भरली आणि नाशिकचे मानांकित खेळाडू तेथे आले, तर तालुक्यातल्या पंधरा-वीस मुलांचे पहिले पाच डाव एकाच आठवड्यात पूर्ण होऊ शकतील.