रस्ते अपघातातील अपंगत्व आणि नुकसानभरपाई (भारत)

मोटार वाहनाच्या अपघातात कायमचे अपंगत्व आलेल्या व्यक्तीस भारतात मोटार वाहन अधिनियम, १९८८ अन्वये आर्थिक भरपाई मागता येते. हा अधिनियम १ जुलै १९८९ पासून लागू झाला. २०१९ च्या दुरुस्तीने त्यातील भरपाईविषयक तरतुदी मोठ्या प्रमाणात बदलल्या व हे बदल १ एप्रिल २०२२ पासून अमलात आले. दाव्यांचा निर्णय मोटार अपघात दावा न्यायाधिकरण करते. अपघात जेथे घडला तेथील, किंवा जखमी व्यक्ती अथवा प्रतिवादी जेथे राहतो तेथील न्यायाधिकरणाकडे अर्ज करता येतो.

भरपाई कोण देते

रस्त्यावर येणाऱ्या प्रत्येक वाहनाचा त्रयस्थ व्यक्तीसाठीचा विमा अनिवार्य आहे. त्यामुळे रक्कम बहुधा विमा कंपनी भरते. काही शासकीय परिवहन उपक्रमांना विम्यातून सूट मिळू शकते, मात्र त्यांना त्यासाठी स्वतंत्र निधी राखावा लागतो. धडक देऊन पळून गेलेल्या वाहनाचा शोध लागला नाही, तर गंभीर दुखापतीस ५०,००० रुपयांची ठरावीक मदत आहे.

दाव्याचे मार्ग

कलम १६४ अन्वये चूक कोणाची हे सिद्ध न करता गंभीर दुखापतीस अडीच लाख रुपये मिळतात. कलम १६६ खाली चालकाचा निष्काळजीपणा दाखवावा लागतो, परंतु तेथे रकमेस कमाल मर्यादा नाही. कलम १६४ ची रक्कम विमा कंपनीशी तडजोड करून एकदा स्वीकारली, की कलम १६६ खालील दावा संपुष्टात येतो. हातपाय गमावलेल्या तरुण कमावत्या व्यक्तीने घाईने अडीच लाखांवर सही केल्यास तिचे किती नुकसान होते, हे पुढील हिशेबावरून कळेल. दुरुस्तीनंतर अर्जासाठी अपघातापासून सहा महिन्यांची मुदत घालण्यात आली. या तरतुदीस सर्वोच्च न्यायालयात आव्हान देण्यात आले आहे.

अपंगत्वाची टक्केवारी

या विषयातील सर्वाधिक गैरसमज वैद्यकीय प्रमाणपत्रावरील आकड्याभोवती आहेत. सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली न्या. आर. व्ही. रवींद्रन यांनी लिहिलेल्या निकालात त्यांची सविस्तर उकल केली. एखाद्या अवयवाचे ४५ टक्के अपंगत्व म्हणजे संपूर्ण शरीराचे ४५ टक्के अपंगत्व नव्हे. दोन अवयवांचे आकडे नुसते मिळवूनही चालत नाही. तसे केल्यास ६० टक्के हात व ८० टक्के पाय मिळून माणूस १४० टक्के अपंग ठरेल. शरीराचे अपंगत्व आणि कमाईच्या क्षमतेतील घट या दोन निरनिराळ्या गोष्टी आहेत, हे त्या निकालाचे सार होय. पहिली डॉक्टर सांगतो. दुसरी ठरवणे हे न्यायाधिकरणाचे काम आहे. त्यासाठी अपघातापूर्वीचा व्यवसाय व वय, तसेच आता ती व्यक्ती पूर्वीचे किंवा दुसरे कोणते काम करू शकेल, हे पाहिले जाते.

त्याच निकालातील उदाहरण असे : डावा हात कापावा लागल्यास शारीरिक अपंगत्व सुमारे ६० टक्के मानले जाईल. तो माणूस सुतार किंवा वाहनचालक असेल, तर त्याची कमाई जवळजवळ शंभर टक्के बुडते. तोच सरकारी कार्यालयातील लिपिक असेल व त्याची नोकरी टिकली, तर भावी कमाईतील घट शून्यही असू शकते. मात्र वेदना आणि जीवनातील सुखांना मुकणे यांची भरपाई त्यालाही मिळते.

हिशेब

भावी कमाईच्या हानीसाठी वार्षिक उत्पन्नास वयानुसार ठरलेल्या गुणकाने गुणतात. २००९ च्या निकालातील तक्त्याप्रमाणे हा गुणक पंचविशीपर्यंत १८ असून ३६ ते ४० वयासाठी १५ व पासष्टीनंतर ५ इतका उतरतो. घटनापीठाच्या २०१७ च्या निकालानुसार स्वतःचा व्यवसाय करणाऱ्या चाळिशीच्या आतील व्यक्तीच्या उत्पन्नात भावी वाढीपोटी ४० टक्के मिळवतात. अपंगत्वाच्या दाव्यांतही ही वाढ देय असल्याचे न्यायालयाने पुढे स्पष्ट केले. मृत्यूच्या दाव्यात केली जाते तशी वैयक्तिक खर्चाची वजावट येथे होत नाही. जखमी माणूस जिवंत आहे, त्याचा खर्च चालूच राहतो.

समजा, तीस वर्षांचा सुतार महिना १५,००० रुपये मिळवत होता. वार्षिक १,८०,००० रुपयांत ४० टक्के मिळवून २,५२,००० रुपये होतात. गुणक १७ धरल्यास ४२,८४,००० रुपये येतात. प्रमाणपत्रावरील ६० टक्के हाच आकडा कमाईच्या हानीसाठी धरला असता, तर २५,७०,४०० रुपये मिळाले असते. फरक १७ लाखांहून अधिक आहे. म्हणूनच अशा दाव्यांत डॉक्टरची साक्ष आणि व्यवसायाचा पुरावा यांना महत्त्व येते. कच्च्या पावत्या, गिऱ्हाइकांच्या नोंदी यांचाही उपयोग होतो. गृहिणीच्या घरकामाचेही आर्थिक मूल्य धरले जाते.

याखेरीज उपचार, प्रवास, सकस आहार, उपचारकाळातील बुडालेली मिळकत, पुढील उपचार, कृत्रिम अवयव आणि मदतनीस यांचा खर्च वेगळा मागता येतो. अर्जाच्या तारखेपासून व्याज देण्याचा अधिकारही न्यायाधिकरणास आहे. जखमीचीही अंशतः चूक असल्यास त्या प्रमाणात रक्कम कमी होते. अज्ञान बालकाची रक्कम बहुधा बँकेत मुदत ठेवीत ठेवण्याचा आदेश दिला जातो. निकाल अमान्य असल्यास नव्वद दिवसांत उच्च न्यायालयात अपील करता येते.